नवव्या दिवसाचा थर

सांगोल्याच्या अस्थिवाचन केंद्रातल्या यंत्राला कागदोपत्री भलंमोठं नाव होतं, पण लोकांनी पहिल्याच आठवड्यात त्याचं दुसरं बारसं करून टाकलं. हाडाचं पंचांग. का, तर ते दिवस सांगतं. हात आत घालायचा, सात मिनिटं गप्प पडून राहायचं, की हे हाड कितव्या वर्षी मोडलं, कधी जुळायला लागलं आणि मध्ये कुणी त्याच्याशी काय खेळ केला, सगळं बाहेर. २०४१ साल चालू होतं, आणि माणसांना पुढच्यापेक्षा मागचं जाणून घ्यायची हौस जास्त लागली होती.

हे यंत्र चालवायची रेश्मा बाबर. चाळिशीची बाई, कामाला वाघ आणि स्वभावानं महाचौकस. दुसऱ्याच्या हाडात डोकवायला मिळतं आणि वर पगारही मिळतो, याचं तिला रोज नव्यानं नवल वाटायचं. मागे एक ऐंशीचे आजोबा आले होते. यंत्र म्हणालं, नवव्या वर्षी मनगट मोडलंय. आजोबा म्हणाले, "छट्! मी जन्मात पडलो नाही." तावातावानं घरी गेले आणि दुसऱ्या दिवशी फोन आला, "बाई, आठवलं. थोरल्यानं विहिरीत ढकललं होतं. तो जाऊन आता दहा वर्षं झाली. आता मी भांडू कुणाशी?" रेश्मा हसून हसून बेजार झाली होती.

आता हे यंत्र वाचतं काय, तेही सांगायला हवं. मोडलेलं हाड जुळतं तेव्हा शरीर त्या जागी आधी मऊ, कवळं हाड घालतं आणि मग रोज थोडं थोडं ते पक्कं करत जातं. दिवसा एक वेग, झोपेत दुसरा. त्यामुळे प्रत्येक दिवसाचा एक केसाहूनही बारीक थर उरतो. पुढे वर्षानुवर्षं शरीर जुनं हाड खातं आणि नवं घालतं, पण ते काही जुनं सगळं पुसत नाही. नव्या हाडाच्या खांबांमध्ये जुन्याचे कपचे अडकून राहतात. हे यंत्र ते कपचे शोधतं, त्यांच्या थरांची दिशा मोजतं आणि तुकडे जुळवून गोष्ट पुरी करतं.

आणि या यंत्राकडे सगळ्यात जास्त गर्दी कशाची, तर वाकड्या कोपरांची. पोर पाच ते आठ वर्षांचं असताना हातावर पडतं आणि दंडाचं हाड कोपराच्या जरासं वर, जिथं ते पातळ असतं तिथं, कटकन मोडतं. मनगटाशी हाड मोडून थोडं वाकडं जुळलं तर वाढत्या वयात ते आपोआप सरळ होतं, कारण तिथं वाढ भरपूर असते. कोपराशी तसं नाही. दंडाची जेमतेम पाचवा हिस्सा वाढ कोपराकडच्या टोकाला होते, बाकी सगळी खांद्याकडे. म्हणून कोपराशी जे वाकडं जुळलं ते जन्मभर वाकडं. वीस-तीस वर्षं त्याचं काही वाटत नाही. मग एक दिवस करंगळीला मुंग्या यायला लागतात. कोपर कशावर आपटलं की झिणझिणी येते ना, तीच नस त्या वाकड्या हाडावरून ताणून ताणून थकलेली असते.

रेश्माची धाकटी बहीण स्वप्नाली, घरातली सपना, हिचा डावा हात अस्साच होता. सरळ खाली सोडला की कोपरापासून अंगाकडे वळायचा. यंत्र येऊन वर्ष झालं, शेकडो कोपरं रेश्माच्या डोळ्यांखालून गेली, पण "ये गं, तुझाही बघू" असं ती बहिणीला एकदाही म्हणाली नव्हती. एवढी चौकस बाई, आणि सख्ख्या बहिणीच्या हाताबाबत मुकी.

शेवटी सपना स्वतःच आली. हातात डॉक्टर शिरीन तांबोळींची चिठ्ठी.

"आक्का, करंगळी आणि तिच्या शेजारचं बोट, दोन्ही गेली बघ. काल शिट्टी हातातून पडली, मला कळलंसुद्धा नाही. पोरी हसल्या."

सपना गावाबाहेरच्या मैदानावर मुलींना पोलीस भरतीची तयारी करून घ्यायची. एकोणिसाव्या वर्षी ती स्वतः भरतीला उभी राहिली होती. धावण्यात पहिली, गोळाफेकीत दुसरी. वैद्यकीय तपासणीत डॉक्टरांनी हात पुढे करायला लावले, डाव्या कोपराला कोन लावला आणि बाद केलं. त्या दिवसानंतर तिनं दीडशे मुली भरती करून दाखवल्या, पण स्वतःच्या अंगावर वर्दी काही चढली नाही.

"डॉक्टरबाई म्हणाल्या, आता हाड कापत नाहीत म्हणे."

"नाही कापत," रेश्मा म्हणाली. "जुन्या जोडावर औषध सोडतात. तेवढीच रेघ परत कवळी होते, मोड नुकतीच जुळत असते ना, तशी. मग हाताभोवती चौकट बसवून ते रोज थोडं थोडं मागं फिरवतात. ज्या वाटेनं वाकडं झालं त्याच वाटेनं माघारी. वाट चुकली तर नस ओढली जाते आणि बोटं कायमची जातात. म्हणून आधी इथं वाचून घ्यायचं."

"म्हणजे वाकडं कसं झालं ते कागदावर येणार?"

"येणार."

"झकास!" सपनानं उजवी मूठ टेबलावर आपटली. "मला तोच कागद पाहिजे. त्या हाडवैद्य म्हाळूच्या दारावर नेऊन चिकटवते. माझा हात नासवला म्हाताऱ्यानं. जिवंत आहे तोवर सगळ्या गावाला कळू दे."

रेश्मानं तारीख दिली, शुक्रवारची. सपना गेली आणि रेश्मा खुर्चीत तशीच बसून राहिली. हात नासवला होता तो म्हाळूमामानं नव्हे. तो तिनं स्वतः नासवला होता, आणि हे तिच्याशिवाय जगात कुणालाही माहीत नव्हतं.

सपना तेव्हा सात वर्षांची, रेश्मा अकराची. सपना कडब्याच्या गंजीवरून पडली आणि कोपर टमाट्यासारखं सुजलं. गावात म्हाळूमामा हाडवैद्य होते, पंचक्रोशीत नाव असलेले. त्यांनी हाड बसवलं, बांबूच्या कामट्या लावून मनगटापर्यंत पट्टी बांधली आणि हात कोपरात पुरता दुमडून गळ्यात अडकवला. "तीन आठवडे ह्याला कुणी हात लावायचा न्हाई," असं बजावून गेले. आणि नवव्या दिवशी आत्याचं लग्न. मांडवात कासार आला, बायकापोरी बांगड्या भरायला बसल्या. सपनाचा उजवा हात भरला. डावा दुमडून खांद्याशी, तो कसा भरणार? पोरीनं भोकाड पसरलं. एका हातात बांगड्या आणि एक हात भुंडा, लग्नात सगळे हसतील म्हणून. आईला मान वर करायला फुरसत नव्हती. रेश्माला बहिणीचं रडणं बघवेना. तिनं सपनाला गोठ्यामागं नेलं, पट्टी सोडली, हात सरळ केला आणि "आईनं सांगितलंय" म्हणून कासारापुढे धरला. कासारानं मनगट दाबलं, वळवलं, आठ बांगड्या चढवल्या. सपना एकदाच किंचाळली आणि मग बांगड्या बघून हसली. रेश्मानं पट्टी परत बांधली. आईनं विचारलं तर म्हणाली, "पट्टीला हात न लावता भरल्या कासारकाकांनी." सगळ्यांनी कासाराचंच कौतुक केलं.

तीन आठवड्यांनी पट्टी निघाली आणि हात वाकडा. वडलांनी चावडीसमोर म्हाळूमामांना नको नको ते बोलून घेतलं. मामा एक शब्द बोलले नाहीत. त्यानंतर गावानं त्यांच्याकडे पोर नेणं बंद केलं आणि वर्षभरात त्यांनी हाडं बसवणंच सोडलं. रेश्मा हाडांच्याच शिक्षणात का शिरली, असं लोक विचारायचे तेव्हा ती म्हणायची, आवड.

शुक्रवारी सपना यंत्रात हात घालून पडली. पडल्या पडल्या तोंड चालू होतं.

"तुझं हे पंचांग खोटं नाही ना बोलत?"

"गप पड गं. हललीस तर परत सात मिनिटं."

"बरं बाई, मेले मी."

पडद्यावर थर उमटत गेले. पहिला दिवस: मोड. त्याच दिवशी हाड बसवलेलं, आणि वाकडेपणा उरला फक्त दोन अंश. रेश्मानं तो आकडा दोनदा वाचला. दोन अंश! एक्स-रे न काढता, नुसत्या बोटांनी! मोठ्या दवाखान्यातसुद्धा लोक यावर पाठ थोपटून घेतात. मग नववा दिवस: एका झटक्यात चौतीस अंशांवर, अंगाकडे. हे तिला ठाऊकच होतं.

आणि मग पडद्यावर जे आलं ते तिला ठाऊक नव्हतं. अकरावा दिवस: दहा अंश परत. कुणीतरी बाहेरून जोर लावून, थोडा पीळ देऊन हाड माघारी आणलं होतं. पुरतं आलं नाही, कारण तोवर ते धरायला लागलं होतं. चोवीसवर थांबलं आणि तसंच पक्कं झालं.

अकराव्या दिवशी. म्हणजे लग्नानंतर दोन दिवसांनी म्हाळूमामा पट्टी बघायला आले होते, तेव्हा. म्हणजे मामांना कळलं होतं. कळलं होतं, आणि तरी चावडीवर सगळ्या गावासमोर माणूस गप्प बसला होता. का?

"झालं का गं?" सपनानं विचारलं.

"झालं. अहवाल सोमवारी मिळेल."

सपना गेल्यावर रेश्मा पडद्यासमोर बसली. ताप आला, पोर उपाशी राहिलं, गोवर निघाला, तरी हाडात रेघा उमटतात. अशा रेघा गाळायचा अधिकार यंत्र चालवणाऱ्याला असतो. थरावर बोट ठेवायचं, 'ताप' म्हणायचं, थर गेला. तिनं नवव्या आणि अकराव्या दिवसावर बोट ठेवून बघितलं. यंत्रानं नवी गोष्ट जुळवली: हाड पहिल्याच दिवशी चोवीस अंश वाकडं बसवलं. दोष सरळ म्हाळूमामांचा. आणि माघारीची वाटही सरळसोट, त्या पिळाचा पत्ताच नाही. त्या वाटेनं हाड फिरवलं असतं तर नस ओढली गेली असती आणि सपनाची दोन बोटं कायमची गेली असती. रेश्माला स्वतःचीच शिसारी आली. तिनं दोन्ही थर परत आणले. पण अहवालावर सही काही केली नाही. आधी तिला ते 'का' हवं होतं.

रविवारी ती माहेरच्या गावी गेली. म्हाळूमामा एक्याऐंशीचे झाले होते. पडवीत बसून चातीवर लोकर कातत होते. बोटं अजून ताठ.

"मामा, ओळखलंत का?"

"थोरली न्हवं का तू? बस."

"मामा, सपनाच्या हाताचं विचारायचं होतं. अकराव्या दिवशी तुम्ही तो परत ओढला होता."

चाती थांबली. "कोण म्हनलं?"

"हाडच म्हणतंय. आता यंत्रात दिसतं तसं."

"हाडं बोलाय लागली व्हय आता?" म्हातारा खुदकन हसला. "बरं झालं बाई. माणसं तर बोलत न्हाईत."

रेश्माला मान वर करवेना. "तुम्हाला कसं कळलं?"

"गाठ बघितली की. येणीला रिबीन बांधत्यात तसली फुलाची गाठ. मी मारतोय व्हय तसली? घरात पोरी दोन. एकीचा हात मोडल्याला, आन् दुसरी माझ्याकडं बघंना."

"मग बोलला का नाहीत हो? चावडीवर एवढं ऐकून घेतलंत."

"तुझ्या बापाचा हात लई चालायचा. लग्नघरात पाव्हण्यांसमोर तुला त्यानं सोडलं असतं का? एक लेकरू मोडल्यालं होतं, आनखी एक कशाला मोडू द्यायचं?"

रेश्मा रडायला लागली. मामांनी तिला रडू दिलं, आणि मग जरा दरडावूनच म्हणाले, "ही निम्मी गोष्ट हाय. बाकीची बी ऐक. त्या दिशी मी बोललो असतो, तर तिला मिरजंला नेली असती आन् हात सरळ झाला असता. पर मला वाटलं, म्हाळू हाय की. मी बसवतो परत, कुणाला कळायचं बी न्हाई. ते हाड माझं ऐकंना. मंग बोलायला तोंडच ऱ्हायलं न्हाई. तुझी चूक लेकराची. माझी जाणत्याची."

मग मामांनी विचारलं, "त्या यंत्रात माझं नाव येतं का गं?"

"नाव येत नाही मामा. दिवस येतो. पहिल्या दिवशी तुम्ही दोन अंशांवर बसवलं होतं."

"दोन म्हंजी चांगलं का वाईट?"

"फार चांगलं."

म्हाताऱ्यानं धोतराच्या सोग्यानं डोळे पुसले. "तिला सांग सगळं," तो म्हणाला. "माझं आदी सांग. तुला जरा सोपं जाईल."

सोमवारी सकाळी रेश्मानं पुऱ्या अहवालावर सही केली आणि तशीच मैदानावर गेली. मुली फेऱ्या मारत होत्या. सपनानं शिट्टी गळ्यात टाकून कागद हातात घेतला.

"पहिला दिवस, दोन अंश," ती वाचत होती. "म्हणजे म्हाताऱ्यानं बरोबर बसवलं होतं? मग हा नववा दिवस कसला?"

मामांचं आधी सांगायचं असं ठरवून रेश्मा आली होती, पण तोंडातून पहिलं निघालं ते स्वतःचं. गोठा, पट्टी, कासार, खोटं, सगळं एका दमात. मग म्हाळूमामांचं. सपनाला त्या दिवसातल्या फक्त बांगड्या आठवत होत्या. आयुष्यभर सगळ्यांनी सांगितलं तेच तिनं खरं धरलं होतं.

ती बराच वेळ मुलींकडे बघत राहिली.

"म्हणजे म्हातारा तुला वाचवायला गप्प बसला."

"हो."

"आणि तू स्वतःला वाचवायला."

"हो."

"आणि मला? मला कोण वाचवत होतं गं आक्का?"

रेश्मा एक पाऊल पुढे आली, तशी सपनानं कागद मधे धरला.

"बांगड्यांचं जाऊ दे. तू लहान होतीस," सपनाचा आवाज चढला तशा दोन मुली धावता धावता थबकल्या. "पण एकोणिसाव्या वर्षी मी बाद होऊन आले, तुझ्या मांडीवर डोकं ठेवून रडले, तेव्हा तू तेवीस वर्षांची होतीस! तेव्हाही तू म्हणालीस, म्हाळूमामाचं वाटोळं होवो. म्हणालीस की नाही?"

"म्हणाले."

"जा तू इथनं."

आठवडाभर सपनानं फोन उचलला नाही. पण उपचाराला मात्र ती ठरल्या दिवशी हजर झाली. जोडावर औषध सुटलं, हाताभोवती चौकट बसली, आणि डॉक्टर तांबोळींनी दोघी बहिणींना समोर बसवून वाट समजावली.

"शेवटचं जे झालं ते आधी उलटायचं. अकराव्या दिवशी जे दहा अंश पीळ देऊन आणले होते ते सोडवायचे. म्हणजे पहिले पाच दिवस हात आणखी वाकडा होईल. घाबरायचं नाही. पाचव्या दिवशी तो बरोबर नवव्या दिवसाच्या जागी येईल, आणि तिथून सरळ व्हायला लागेल. रोज सकाळ-संध्याकाळ किल्ली फिरवायची. दुखतं. ज्याचा हात त्याला फिरवता येत नाही, घरच्या कुणीतरी फिरवावी लागते. कोण फिरवणार?"

रेश्मा खाली बघत होती. सपनाचा नवरा दाराशी उभा होता, तो पुढे सरकला.

"ही फिरवेल," सपना म्हणाली.

रेश्मानं दचकून वर बघितलं.

"माफ-बिफ काही केलेलं नाही," सपना तिच्याकडे न बघता म्हणाली. "दुखलं की शिव्या देणार, आणि तू ऐकून घ्यायच्या. हो म्हण नाहीतर उठ."

"हो."

रेश्मा कामावर जाण्याआधी आणि कामावरून आल्यावर सपनाच्या घरी जायला लागली. सपनानं कबूल केल्याप्रमाणे शिव्या दिल्या, त्याही मैदानावरच्या आवाजात. शेजारच्या बायका खिडक्यांत येऊन ऐकायच्या. तिसऱ्या दिवशी, किल्ली फिरत असताना, सपना दात-ओठ खाऊन म्हणाली, "म्हाताऱ्याला कळव, चावडीवर जे झालं ते चुकीचं झालं. मी स्वतः येऊन सांगेन. दोन गोष्टी त्यालाही सुनवायच्यात." रेश्मानं तिथल्या तिथं गावी फोन लावला.

हात रोज आणखी वाकडा होत गेला. पाचव्या दिवशी संध्याकाळी किल्लीचा काटा खुणेवर आला आणि रेश्मा थांबली. चौतीस अंश. कोपरापासून हात असा आत वळला होता की तो सपनाचा वाटतच नव्हता. रेश्मानं झटकन चादर त्यावर ओढली.

सपनानं उजव्या हातानं ती बाजूला केली.

"त्या दिवशी असाच झाला होता?"

"मी बघितलंच नव्हतं गं," रेश्मा म्हणाली. "कुणी येईल म्हणून घाईघाईत पट्टी गुंडाळली."

"मग आता बघ."

रेश्मानं बघितलं. मान वळवली नाही, डोळे मिटले नाहीत, वाहणारं पाणीही पुसलं नाही. पुरतं एक मिनिट ती तो हात बघत राहिली, आणि सपना तिच्याकडे.

"बघितलास?"

"बघितला."

"मग फिरव आता उलटी," सपनानं हात पुढे केला.